स्वकर्म विसरलेल्या पेशी

(मंडळाच्या वार्षिक मेळाव्यात दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



मंडळाच्या चिटणिसांनी यंदाच्या मेळाव्यात ‘वार्धक्य’ या विषयावर चार शब्द बोलण्याची आम्हांस आज्ञा केली. समोरच्या श्रोतृवर्गाकडे पाहता विषय समयोचित आहे, यात शंका नाही. परंतु वार्धक्यावर बोलावयास उभा राहिलेला वक्ता बहुधा नामस्मरणाकडे तरी वळतो किंवा काढ्यांकडे तरी. ही दोन्ही खाती आमच्याहून अधिकारी मंडळी सांभाळीत आहेत. म्हणून आम्ही वार्धक्याचा एकच कोपरा आज आपणांपुढे उजेडात आणावयाचे ठरविले आहे. आम्ही डॉक्टर नव्हे. शाळेत शास्त्र हा विषय शिकविला, आणि निवृत्तीनंतरही त्या विषयाचे वाचन सोडले नाही, एवढाच आमचा अधिकार.

देह जुना होतो म्हणजे नेमके काय होते, असा प्रश्न विचारला तर आपण सहज उत्तर देतो की, तो झिजतो. जोड्याचा तळ झिजावा किंवा जात्याची पाळू झिजावी, तसा. देह असंख्य पेशींचा बनलेला असून त्यांतील काही मरतात, त्यांची जागा भरून निघत नाही आणि म्हणून इंद्रिये दुबळी होतात, असा या उत्तराचा अर्थ. हे उत्तर खोटे नाही. पण गेल्या काही दशकांतील संशोधनाने त्यास एक निराळी जोड दिली आहे. कित्येक ठिकाणी पेशी मरत नाहीत. त्या जागच्या जागी जिवंत असतात. खातात, पितात, श्वास घेतात. मात्र आपण कोण व आपले काम काय, हेच त्या विसरून गेलेल्या असतात. हा भेद केवळ पंडितांच्या वादाचा नव्हे. मेलेल्यास परत आणता येत नाही. विसरलेल्यास आठवण करून देता येण्याचा संभव असतो. ज्यांच्या घरी मधुमेहाचा किंवा कर्करोगाचा रुग्ण आहे, आणि अशी घरे आपल्या मंडळात थोडी नाहीत, त्यांना या भेदाचे मोल निराळे सांगावयास नको.

प्रथम पेशीस स्वतःची ओळख मिळते कशी, ते पाहू. मानवी देहात सुमारे ३७ लाख कोटी पेशी असाव्यात, असा एक अंदाज २०१३ साली शास्त्रज्ञांनी प्रसिद्ध केला. या सर्व मातेच्या उदरातील एकाच फलित पेशीपासून झालेल्या. एकीच्या दोन, दोहोंच्या चार, असे होत होत कोणी स्नायूची झाली, कोणी रक्ताची, कोणी मेंदूची, कोणी डोळ्याची. असे दोनशेच्या आसपास प्रकार पाठ्यपुस्तकांत सांगितलेले असतात. आता नवल असे की, या प्रत्येक पेशीच्या केंद्रकात आनुवंशिकतेचा जो ग्रंथ आहे, ज्यास डीएनए असे म्हणतात, तो एकच आहे. डोळ्याच्या पेशीपाशी यकृताची कृती लिहिलेली आहे आणि यकृताच्या पेशीपाशी डोळ्याची. सुमारे वीस हजार जनुकांची ही पोथी उलगडून सरळ केली तर दोन मीटर लांब भरेल, आणि ती मिलिमीटरच्या शंभराव्या भागाहूनही लहान अशा केंद्रकात गुंडाळून ठेवलेली असते.

मग भेद कशाने पडतो? तर कोणती पाने उघडी आहेत आणि कोणती बासनात बांधलेली आहेत, याने. आपल्या जुन्या घरांतून पोथ्या कशा ठेवीत असत, ते आठवावे. रोजच्या पाठाची तेवढी चौरंगावर उघडी, बाकीच्या लाल कापडात करकचून बांधून फडताळात. पेशीतही असेच आहे. जी पाने लागत नाहीत त्यांवर काही रासायनिक खुणा केलेल्या असतात व ती घट्ट गुंडाळलेली असतात. जी लागतात ती उघडी राखण्याचे काम काही विशिष्ट प्रथिने अखंड करीत असतात. त्यांस आपण ‘वाचक’ म्हणू. पेशीची ओळख अशी रोजच्या रोज राखावी लागते. वाचक थकले, खुणा पुसट झाल्या किंवा भलत्या पानांवर उमटल्या की ओळख ढळू लागते.

हे ज्ञान सहजासहजी आले नाही. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस आउगुस्ट वाइसमान या जर्मन पंडिताचे मत असे होते की, गर्भ वाढताना प्रत्येक पेशीस ग्रंथाचा आपापल्या वाट्याचा अध्याय तेवढा मिळतो. ही समजूत खोडून काढली ती इंग्लंडच्या जॉन गर्डन यांनी. त्यांनी बेडकाच्या पिल्लाच्या आतड्यातील पेशीचे केंद्रक काढून ते, मूळचे केंद्रक नष्ट केलेल्या अंड्यात घातले. सातशेहून अधिक प्रयत्नांत फार थोडे यशस्वी झाले, पण जे झाले त्यांतून सबंध पोहणारी पिल्ले निघाली. हा शोध १९६२ सालचा. आतड्याच्या पेशीपाशी सबंध बेडकाची पोथी शाबूत होती, हे त्यावरून ठरले.

या गर्डनसाहेबांची एक गोष्ट आम्हां शिक्षकांस विशेष लागू आहे. १९४९ साली ईटनच्या शाळेत ते जीवशास्त्रात अडीचशे मुलांत शेवटचे आले होते. शास्त्रज्ञ होण्याची या मुलाची इच्छा हास्यास्पद आहे, असा अभिप्राय त्यांच्या गुरुजींनी प्रगतिपुस्तकात लिहिला. गर्डन यांनी तो कागद चौकटीत बसवून पुढे आयुष्यभर आपल्या टेबलावर ठेवला. २०१२ साली त्यांना नोबेल पारितोषिक मिळाले, आणि २०२५ साली ते वारले. ज्या गुरुबंधूंना शेरे लिहिण्याची घाई असते, त्यांनी ही हकीकत ध्यानात ठेवावी.

त्याच वर्षी पारितोषिकाचे दुसरे मानकरी होते जपानचे शिन्या यामानाका. त्यांनी २००६ साली उंदराच्या त्वचेतील साध्या पेशीत केवळ चार ‘वाचक’ घातले आणि ती पेशी उलटा प्रवास करून गर्भावस्थेतील पेशीसारखी झाली. पुढच्याच वर्षी मानवी पेशीतही हे साधले. प्रथम त्यांच्यापुढे चोवीस नावे होती. एकेक गाळीत ते चारांवर आले. वनस्पतींच्या बाबतीत मात्र हा लवचिकपणा आपणांस पूर्वीपासून माहीत आहे. पानफुटीच्या पानाच्या कडेस रोपे फुटतात, ती कोणत्या पोराने पाहिली नाहीत? आपल्या देशात दिल्ली विद्यापीठात सिप्रा गुहा व सतीश माहेश्वरी यांनी १९६४ साली धोत्र्याच्या परागकोशातून थेट गर्भ व रोपे मिळविल्याचे दाखविले, आणि ती रीत आज जगभर पिकांच्या सुधारणेस उपयोगी पडते.

येथे कोणी ज्ञातिबंधू मनात म्हणेल की, पेशींनीसुद्धा आपापला परंपरागत धंदा सोडू नये, हेच शास्त्राने सिद्ध केले! गेल्या पिढीत आपल्यांतीलच काहींनी मुलांना नव्या शिक्षणास घालण्यास विरोध केला, तेव्हा अशाच उपमा दिल्या जात, हे वडीलधाऱ्यांस स्मरत असेल. परंतु ही उपमा येथे मुळीच लागू पडत नाही. पेशींमध्ये कोणास अर्धा ग्रंथ व कोणास पाव ग्रंथ असा वाटा जन्मतः पडलेला नाही. सर्वांपाशी सबंध पोथी आहे, हेच तर गर्डन यांनी दाखविले. पेशीचा भेद कामाचा आहे, कुळाचा नव्हे. म्हणून कृपा करून या व्याख्यानाचा तसा उपयोग कोणी करू नये.

आता रोगांकडे वळू. सर्वांत साधे उदाहरण श्वासनलिकेचे. तिच्या आतील अस्तराच्या पेशी उभ्या खांबासारख्या असून त्यांच्या माथ्यावर अतिसूक्ष्म केसांचा झाडू असतो. तो धूळ व कफ सतत वरच्या बाजूस लोटीत असतो. मनुष्य वर्षानुवर्षे विडी-सिगारेट ओढू लागला म्हणजे धुराचा मारा सोसेनासा होऊन हे अस्तर आपले रूप पालटते. खांबासारख्या पेशींच्या जागी त्वचेसारख्या चपट्या, थरावर थर बसलेल्या पेशी येतात. धुरापुढे त्या चिवट खऱ्या, पण त्यांना झाडू नसतो. घर टिकते, केरवारा बंद पडतो. सकाळी उठल्याबरोबर विडी ओढणारा जो खोकत बसतो, त्यामागे हेही एक कारण आहे. पुढे याच बदललेल्या अस्तरातून कर्करोग उद्भवण्याचे भय असते. समाधानाची गोष्ट इतकीच की, धूम्रपान सोडले तर हा बदल पुष्कळ अंशी माघारी फिरतो.

गालाच्या आतील मऊ अस्तराचेही तसेच. तंबाखू-चुन्याची गोळी जेथे धरली जाते, किंवा मशेरी जेथे रोज घासली जाते, तेथे कधी कधी पांढरा चट्टा उमटतो. मऊ राहण्याचे सोडून ते अस्तर शिंगासारखे कठीण द्रव्य साठवू लागलेले असते. असा चट्टा दुखत नाही, म्हणून कोणी दाखवीत नाही. तो दाखविला पाहिजे; कारण त्यांतील काही चट्टे पुढे कर्करोगाच्या वाटेने जातात. महाराष्ट्र सरकारने २०१२ साली गुटख्यावर बंदी घातली. मशेरीवर बंदी कोण घालणार? ती आमच्या भगिनींनीच आपल्या घरात घालावयाची आहे.

अन्ननलिकेच्या खालच्या टोकाशी याच्या अगदी उलट प्रकार घडतो. तेथील अस्तर मूळचे त्वचेसारखे थरांचे. जठरातील आम्ल वारंवार वर येऊ लागले की ते अस्तर पालटून आतड्यासारखे होते. या विकारास बॅरेट या लंडनच्या शल्यविशारदाचे नाव आहे. गंमत अशी की, १९५० साली त्यांनी त्याचे वर्णन केले, तेव्हा ही अन्ननलिका नसून छातीत ओढले गेलेले जठरच आहे, असे त्यांचे मत होते. तीनच वर्षांनी दुसऱ्या दोघांनी ती अन्ननलिकाच असल्याचे दाखविले, आणि नाव मात्र बॅरेट यांचेच राहिले! अशा बहुतेक रोग्यांना कर्करोग होत नाही. परंतु इतरांपेक्षा त्याचा संभव अधिक असतो, म्हणून डॉक्टर दुर्बिणीने वेळोवेळी पाहणी करावयास सांगतात. वर्षानुवर्षे छातीत जळजळ होत असता केवळ सोडा घेऊन वेळ मारून नेणारे गृहस्थ या सभेतही असतील. त्यांनी एकदा तपासून घ्यावे.

तिसरे उदाहरण लहान मुलांचे आहे. आहारात ‘अ’ जीवनसत्त्व पुरेसे नसले म्हणजे रातांधळेपणा येतो, हे सर्वांस ठाऊक आहे. पण त्याबरोबर डोळ्याच्या पांढऱ्या भागावरील नाजूक, ओलसर अस्तर कोरडे पडून त्वचेसारखे खरखरीत होते व तेथे फेसाळ पांढरे ठिपके दिसू लागतात. बितो या फ्रेंच वैद्याने १८६३ साली ते वर्णिले. चिकट ओलावा निर्माण करण्याचे आपले कर्तव्य त्या पेशी विसरतात. आपल्या देशात १९७० पासून पाच वर्षांखालील मुलांना या जीवनसत्त्वाचे डोस देण्याची राष्ट्रीय योजना आहे. शेवग्याचा पाला, गाजर, पपई, पिकलेला आंबा यांतून ते देहाला मिळते. या जीवनसत्त्वापासून देहात एक आम्ल तयार होते. ते केंद्रकात शिरते आणि तेथील एका विशिष्ट ग्राहक प्रथिनास चिकटून पोथीची ठराविक पाने उघडविते, हे १९८७ साली कळून आले. म्हणजे हे जीवनसत्त्व आहारातला घटक तर आहेच, शिवाय पेशीला तिच्या कामाची आठवण करून देणारा निरोपही आहे.

हाच धागा पकडून कर्करोगाच्या इतिहासातील एक विलक्षण प्रकरण घडले. कर्करोगाच्या गाठीचा तुकडा सूक्ष्मदर्शकाखाली पाहणारा तज्ज्ञ प्रथम हेच पाहतो की, या पेशी आपल्या मूळ इंद्रियासारख्या कितपत दिसतात. जितकी ओळख पुसट, तितका रोग बहुधा अधिक आक्रमक. म्हणून पूर्वीपासून काहींच्या मनात येई की, या पेशींना मारण्याऐवजी शहाणे करता येणार नाही का? रक्ताच्या कर्करोगाचा एक प्रकार असा आहे की, ज्यात पांढऱ्या पेशी वयात येण्यापूर्वीच अडकून पडतात. अर्ध्यावर शाळा सुटलेल्या पोरांचा जमाव रस्त्यावर जमावा, तशा त्या वाढत जातात. रोग्याला भयंकर रक्तस्राव होई, आणि पूर्वी तो काही दिवसांत वा आठवड्यांत दगावे. १९८५ साली शांघायचे डॉक्टर वांग झेनयी यांनी पाच वर्षांच्या एका मुलीला, इतर सर्व उपाय थकल्यावर, ‘अ’ जीवनसत्त्वापासून होणारे ते आम्ल दिले. मुलगी वाचली. १९८८ साली त्यांनी व त्यांच्या सहकाऱ्यांनी चोवीस रोग्यांचा वृत्तांत प्रसिद्ध केला. त्यांचा रोग ओसरला होता. अडकलेल्या पेशी मारल्या गेल्या नव्हत्या, तर त्या प्रौढ होऊन, आपले काम करून, यथाकाल निवृत्त झाल्या होत्या. त्याच देशात हार्बिन येथील वैद्यांनी १९७० च्या दशकात सोमलाचा उपयोग याच रोगावर करून पाहिला होता. आपल्या वैद्यकातही सोमल अपरिचित नाही. तो विष म्हणूनच अधिक प्रसिद्ध, आणि वैद्यावाचून कोणी त्याला हात लावू नये हे ओघाने आलेच. आज ही दोन औषधे मिळून देतात, आणि एके काळी सर्वांत घातक मानलेला हा प्रकार आता शंभरांत नव्वदाहून अधिक रोग्यांत बरा होतो. सर्व कर्करोगांना हे लागू पडते असे मात्र नाही. तसे यश इतरत्र अद्याप मिळालेले नाही.

आता मधुमेह. आपल्या घराघरांतला हा पाहुणा. भारतीय वैद्यकीय संशोधन परिषदेच्या पाहणीचे जे निष्कर्ष २०२३ साली प्रसिद्ध झाले, त्यांप्रमाणे आपल्या देशात सुमारे १० कोटी १० लाख लोकांना मधुमेह आहे. स्वादुपिंडात बेटांसारखे लहान लहान पुंजके असतात, आणि त्यांतील ‘बीटा’ नावाच्या पेशी इन्सुलिन तयार करतात. प्रौढ वयात होणाऱ्या मधुमेहात या पेशी हळूहळू कमी होतात, असे दीर्घकाळ मानले जाई. मृत रोग्यांचे स्वादुपिंड तपासताना इन्सुलिनला चढणारा रंग वापरून पेशी मोजीत, आणि त्या खरोखरच कमी भरत. पण या मोजणीत एक खोच आहे. हजेरी घेताना ज्या मुलाने ‘हजर’ म्हटले नाही तो गैरहजर मांडला जातो. तो वर्गातच गप्प बसलेला असू शकेल, हे वहीत दिसत नाही. ज्या पेशीत इन्सुलिनच नाही, तिला रंग चढणार कोठून?

न्यूयॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठातील डोमेनिको अचिली व त्यांचे सहकारी यांनी ही खोच २०१२ साली उकलली. त्यांनी उंदरांच्या बीटा पेशींवर अशी कायमची खूण केली की, पुढे पेशी आपले काम विसरली तरी ती मूळची कोण हे ओळखू यावे. मग त्या पेशींतून एक राखणदार प्रथिन काढून टाकले. तरुण उंदरांस फारसे काही झाले नाही. परंतु वय वाढले, किंवा माद्यांची अनेक बाळंतपणे झाली, तसा त्यांना मधुमेह जडला. खुणेच्या पेशी शोधल्या तर त्या बहुतांशी जिवंतच होत्या! त्यांनी इन्सुलिन करणे सोडले होते, आणि त्यांच्यात गर्भावस्थेतील पोरकट पेशींची चिन्हे उमटली होती. काही तर त्याच्या अगदी विरुद्ध, रक्तातील साखर वाढविणारे ग्लुकॅगॉन हे द्रव्य निर्माण करू लागल्या होत्या. पहारेकऱ्यानेच कुलूप उघडावे, तसा हा प्रकार. पुढे २०१६ साली याच मंडळींनी मृत दात्यांची मानवी स्वादुपिंडे तपासली. मधुमेही दात्यांत अशा विसरभोळ्या पेशींचे प्रमाण सुमारे ३२ टक्के, तर निरोगी दात्यांत सुमारे ९ टक्के आढळले.

पेशी विसरतात का? सतत वाढलेली साखर आणि पेशीवर पडणारा कामाचा अतिभार, ही कारणे दिसतात. अहोरात्र इन्सुलिन करा असा हुकूम सुटत राहिला की पेशी एका मर्यादेनंतर हात टेकते. मरण्यापेक्षा विसरणे तिला सोपे जात असावे. मग भार उतरविला तर ती पुन्हा कामावर येईल का? उंदरांत २०१४ साली असे दाखविले गेले की, बाहेरून इन्सुलिन देऊन साखर आटोक्यात आणली असता या पेशी पुन्हा इन्सुलिन करू लागतात. आपल्याकडे ‘इन्सुलिनची सुई म्हणजे शेवटची पायरी’ अशी समजूत घट्ट आहे, आणि त्यापायी कित्येक जण डॉक्टरांनी सांगूनही वर्षानुवर्षे सुई टाळतात. या प्रयोगाच्या उजेडात त्या समजुतीचा फेरविचार व्हावा. ती सुई थकलेल्या पेशीला मिळालेली रजाही असू शकते.

माणसांतील पुरावा वेगळ्या बाजूने आला. ब्रिटनमध्ये ३०६ मधुमेही रोग्यांवर एक मोठी परीक्षा झाली. तिचे निष्कर्ष २०१७ साली प्रसिद्ध झाले. रोग लागून सहा वर्षांहून अधिक न झालेल्या या रोग्यांपैकी निम्म्यांना तीन ते पाच महिने दिवसाला साडेआठशेच्या आतबाहेर उष्मांकांचाच आहार दिला आणि औषधे डॉक्टरांच्या देखरेखीखाली थांबविली. वर्षाअखेर त्यांच्यातील ४६ टक्के लोक औषधावाचून मधुमेहाच्या मर्यादेबाहेर आले होते. नेहमीच्या उपचारांवर ठेवलेल्यांत हे प्रमाण ४ टक्के होते. ज्यांनी पंधरा किलो वा अधिक वजन उतरविले, त्यांच्यात ते ८६ टक्के होते. दोन वर्षांनी ४६ चे ३६ झाले, आणि पुढे वजन परत चढेल तसे आणखी घटत गेले, हेही सांगितले पाहिजे. स्वादुपिंडात साचलेली चरबी उतरल्याने बीटा पेशींना आपल्या कामाची आठवण झाली असावी, असे या परीक्षेचे एक प्रमुख प्रवर्तक रॉय टेलर यांचे अनुमान आहे. रोग जुना झाला की हे यश दुर्मीळ होते. यावरून दिसते की विस्मरणही पहिल्या काही वर्षांत कोवळे असते, मग मुरते. बालपणी होणाऱ्या मधुमेहाची गोष्ट निराळी. तेथे देहाचे स्वतःचेच रक्षकदल बीटा पेशींचा नाश करते, म्हणून त्या मुलांचे इन्सुलिन कोणीही, कोणाच्याही सांगण्यावरून, एक दिवसही बंद करू नये. प्रौढांनीही हे ऐकून उद्यापासून गोळ्या फेकून उपास आरंभू नयेत. त्या परीक्षेत प्रत्येक रोग्यामागे डॉक्टर उभा होता.

रक्तवाहिन्यांविषयी थोडक्यात सांगतो. वाहिनीच्या भिंतीतील स्नायुपेशींचे काम आकुंचन-प्रसरणाचे. भिंतीत मेद साचू लागला की त्यांतील काही पेशी आकुंचन सोडून मेद गिळीत बसतात, आणि काही तर हाडाच्या पेशींचे गुण उचलून चुना साठवू लागतात. ‘शिरा कठीण झाल्या’ असे डॉक्टर म्हणतात, त्यात हाही अर्थ असतो.

आता मूळ विषय वार्धक्य, त्याकडे येऊ. काही रोग नसतानाही केवळ वयाने पेशी आपली ओळख विसरते काय? याचा पहिला धागा मिळाला तो पाव फुगविणाऱ्या यीस्टमध्ये. या एकपेशी जीवात दोन जाती असतात, आणि आपली जात ओळखूनच ते परस्परांशी संयोग पावतात. एक आई-पेशी वीस-पंचवीस कळ्या सोडून म्हातारी होते. म्हातारपणी ती वांझ होते. का, तर दुसऱ्या जातीची जी पाने आजवर बासनात बंद होती, ती उघडी पडतात आणि आपण कोण हेच तिला कळेनासे होते. अमेरिकेत मॅसॅच्युसेट्स येथील तंत्रशिक्षण संस्थेत लेनर्ड ग्वॅरेन्टी यांच्या प्रयोगशाळेत १९९० च्या दशकात हे उलगडले. ती पाने बंद राखणारी प्रथिने वय वाढता आपली जागा सोडून दुसरीकडे जातात, असे दिसले. पोथीचे एखादे पान फाटले की हेच रखवालदार डागडुजीस धावतात. आग विझवावयास सगळा गाव धावला आणि परतताना काही जण आपापल्या दारी पोहोचलेच नाहीत, तर मागे घरे उघडी राहतात, तसेच हे.

मनुष्यांतही खुणा वयाबरोबर सरकतात. २००५ साली स्पेनमधील संशोधकांनी एकसारख्या दिसणाऱ्या जुळ्यांच्या पेशी ताडून पाहिल्या. लहान वयाच्या जुळ्यांत पोथीवरील खुणा जवळजवळ सारख्या होत्या. पन्नाशीच्या जुळ्यांत त्या पुष्कळ भिन्न झाल्या होत्या, आणि ज्यांचे आयुष्य एकमेकांपासून दूर गेले त्यांच्यात अधिकच. २०१३ साली स्टीव्ह हॉरव्हाथ यांनी अशा ३५३ ठिकाणच्या खुणा वाचून मनुष्याचे वय चार वर्षांच्या आतबाहेर सांगण्याची रीत बसविली. आमच्या काळी शाळेत दाखल होताना जन्मतारखा अंदाजानेच लिहीत. ही रीत तेव्हा असती तर निवृत्तीच्या पुष्कळ तक्रारी मिटल्या असत्या.

परंतु खुणा सरकणे हे वार्धक्याचे कारण आहे की केवळ लक्षण? हार्वर्डमधील डेव्हिड सिंक्लेअर व त्यांच्या सहकाऱ्यांनी २०२३ साली एक प्रयोग प्रसिद्ध केला. त्यांनी उंदरांच्या पोथीला अक्षरे बदलणार नाहीत अशा बेताने ठिकठिकाणी काप दिले. ते लगेच सांधलेही गेले. अक्षर बदलले नाही, पण रखवालदारांची धावपळ झाली. काही महिन्यांत ते उंदीर पिकले, दुबळे झाले, आणि त्यांच्या पेशींची ओळख पुसट झालेली आढळली. सिंक्लेअर म्हणतात, हेच वार्धक्याचे मूळ. इतर शास्त्रज्ञ म्हणतात, पोथी कापण्याने दुसरेही नुकसान होते, तेव्हा इतका मोठा निष्कर्ष काढू नये. आमच्या अल्प मतीस दुसरा पक्ष अधिक सावध वाटतो. वार्धक्यासारख्या गोष्टीला एकच मूळ असेल, हे मानणे कठीण आहे.

शेवटी प्रश्न उरतो तो खुणा पुन्हा बसविण्याचा. यामानाका यांचे चार वाचक पेशीला थेट गर्भावस्थेपर्यंत मागे नेतात. उंदरांच्या देहात ते अखंड चालू ठेवले, तेव्हा त्यांना गाठी झाल्या व ते मेले. तरुण होण्याऐवजी पेशी सर्वच विसरली! म्हणून २०१६ साली कॅलिफोर्नियातील सॉल्क संस्थेत हे वाचक आठवड्यातून दोन दिवसच चालू ठेवून पाहिले. अकाली वार्धक्याच्या रोगाने पीडित उंदीर त्याने अधिक जगले. २०२० साली चारांपैकी तीनच वाचक उंदरांच्या डोळ्यांत घालून, इजा झालेल्या दृष्टितंतूंची काही अंशी पुन्हा वाढ झाल्याचे व काचबिंदूने मंद झालेली दृष्टी काहीशी परत आल्याचे दाखविले गेले.

हे वाचून काही चतुर मंडळी आपल्या शहरांत ‘मूळपेशींची सुई घ्या, तारुण्य मिळवा’ अशा जाहिराती करू लागली आहेत. गुडघ्यापासून स्मरणशक्तीपर्यंत सर्वांवर एकच उपाय, आणि पैसे आगाऊ! भारतीय वैद्यकीय संशोधन परिषदेच्या २०१७ च्या मार्गदर्शक सूचनांत स्पष्ट लिहिले आहे की, रक्ताच्या ठराविक विकारांसाठी होणारे अस्थिमज्जेचे रोपण व तत्सम उपचार वगळता मूळपेशींचा अन्य कोणताही वापर मान्य उपचार नसून, तो केवळ रीतसर नोंदलेल्या परीक्षेतच व्हावा, आणि अशा परीक्षेसाठी रोग्याकडून पैसे घेऊ नयेत. तेव्हा जो पैसे मागेल, त्याला प्रथम परीक्षेचा नोंदणी क्रमांक विचारावा.

आपल्या सभासदांपैकी जे डॉक्टर येथे उपस्थित आहेत, त्यांनी भोजनानंतर मागच्या दालनात रक्तशर्करा व तोंडाचे अस्तर तपासण्याचे मान्य केले आहे. तंबाखू खाणाऱ्यांनी तेथे रांगेत पुढे उभे राहावे, अशी चिटणिसांची विनंती आहे.